याचिका मागे घेतली म्हणजे हरलो का? 'लिबर्टी'सह माघार आणि दुसरा कायदेशीर मार्ग

१४ फेब्रुवारी २०२४. सर्वोच्च न्यायालयात उमर खालिद यांच्या जामिनाचं प्रकरण पुकारलं गेलं आणि ज्येष्ठ वकील कपिल सिब्बल यांनी युक्तिवाद करण्याऐवजी याचिका मागे घेण्याची परवानगी मागितली. परिस्थिती बदलली आहे, आता आम्ही खालच्या कोर्टात जाऊन प्रयत्न करू, एवढंच कारण दिलं. कोर्टाने परवानगी दिली. त्या दिवशी अनेकांना एकच प्रश्न पडला. इतके महिने तारखांवर तारखा काढून सर्वोच्च न्यायालयाच्या दारात उभं राहिल्यावर परत खाली का जायचं? ही हार आहे की डावपेच?

असा प्रश्न फक्त दिल्लीच्या मोठ्या खटल्यांत पडत नाही. वक्फच्या जमिनीचा वाद असो, बँकेची जप्ती असो, नगरपालिकेची पाडकामाची नोटीस असो की पोटगीचा खटला असो, "याचिका मागे घेऊ आणि दुसरीकडे जाऊ" हे वाक्य आपल्यापैकी अनेकांनी वकिलाच्या तोंडून ऐकलं आहे. बहुतेक वेळा मान डोलावून आपण घरी येतो. काय मागे घेतलं, कोणत्या अटीवर घेतलं आणि आता किती दिवस हातात आहेत, हे विचारायचं राहून जातं.

मुळात माघार का घेतात?

याचं सगळ्यात नेहमीचं कारण हायकोर्टात रोज दिसतं. संविधानाच्या कलम २२६ खाली हायकोर्टाचे अधिकार मोठे आहेत. पण जिथे कायद्याने त्या वादासाठी वेगळं न्यायाधिकरण किंवा अपील दिलं आहे, तिथे हायकोर्ट सहसा हात घालत नाही. "तुम्हाला पर्यायी उपाय आहे, तिकडे जा" असं न्यायमूर्ती म्हणतात. ही अधिकाराची मनाई नाही, कोर्टाने स्वतःवर घातलेला संयम आहे. व्हर्लपूल कॉर्पोरेशनच्या १९९८ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने याचे अपवाद सांगितले आहेत. मूलभूत हक्काचा भंग झाला असेल, बाजू न ऐकताच आदेश दिला असेल, अधिकाऱ्याला तो अधिकारच नसेल किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान असेल, तर पर्यायी उपाय असूनही रिट याचिका चालू शकते. तुमचं प्रकरण यात बसत असेल तर वकिलाने तिथे ठामपणे उभं राहायला हवं. बसत नसेल तर आग्रह धरून फायदा नाही.

दुसरं कारण वकील उघड बोलत नाहीत. न्यायमूर्तींचा कल विरोधात दिसतो, आदेश सांगायला सुरुवात होणार असं वाटतं, तेव्हा वकील उठून म्हणतात, "मागे घेण्याची परवानगी द्यावी." कारण विरोधात गुणवत्तेवर निकाल आला तर त्यातलं प्रत्येक वाक्य पुढच्या कोर्टात सरकारी वकील वाचून दाखवणार. जामिनाच्या अर्जात हे फार होतं. त्यात गैर काही नाही, पण ही गोष्ट अशिलाला आधी सांगितलेली असावी.

तिसरं, चुकीच्या दारात गेलेलं असणं. थेट सर्वोच्च न्यायालयात कलम ३२ खाली जाण्याची घाई आपल्याकडे बरीच होते. मोठं कोर्ट म्हणजे मोठा न्याय अशी समजूत. तिथे बहुतेकदा ऐकायला मिळतं, हायकोर्टात का गेला नाहीत? फेब्रुवारी २०२४ मध्ये हेमंत सोरेन यांना असंच झारखंड हायकोर्टात पाठवलं गेलं. अरविंद केजरीवाल यांनी मार्च २०२४ मध्ये अटकेच्या दुसऱ्याच दिवशी सर्वोच्च न्यायालयातली याचिका स्वतःहून मागे घेतली, कारण त्याच वेळी खालच्या कोर्टात रिमांडची सुनावणी होती आणि आधी तिथे लढणं गरजेचं होतं.

एका शब्दाची किंमत

आता खरा मुद्दा. याचिका मागे घेतल्यावर कोर्टाचा आदेश दोन प्रकारे लिहिला जातो. एक, "याचिका मागे घेतली म्हणून निकाली." दोन, "कायद्यात उपलब्ध असलेला उपाय करण्याची मुभा देऊन याचिका मागे घेतली म्हणून निकाली." या मुभेलाच कोर्टाच्या भाषेत 'लिबर्टी' म्हणतात. दिसायला अर्ध्या ओळीचा फरक आहे, पण पुढची सगळी लढाई त्यावर टिकते.

दिवाणी दाव्यासाठी नियम स्पष्ट आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३ नियम १ नुसार वादी कधीही आपला दावा सोडून देऊ शकतो. पण त्याच विषयावर नवीन दावा करायचा असेल तर कोर्टाची परवानगी घेऊनच माघार घ्यावी लागते. ती परवानगीही आपोआप मिळत नाही. दाव्यात एखादी औपचारिक त्रुटी असावी लागते, किंवा नव्याने दावा करू द्यावा असं पुरेसं कारण कोर्टाला पटवावं लागतं. परवानगीशिवाय दावा मागे घेतला तर त्याच विषयावर पुन्हा दावा करता येत नाही, शिवाय समोरच्याचा खर्चही अंगावर येऊ शकतो.

ही संहिता रिट याचिकांना जशीच्या तशी लागू होत नाही. म्हणून पूर्वी लोक एका खंडपीठापुढे रंग दिसला नाही की याचिका मागे घ्यायचे आणि काही दिवसांनी दुसऱ्या खंडपीठापुढे तीच घालायचे. सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिस विरुद्ध ग्वाल्हेरचं राज्य परिवहन अपील न्यायाधिकरण या १९८६ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने त्याला आळा घातला. मुभा न घेता रिट मागे घेतली तर त्याच कारणासाठी कलम २२६ खाली दुसरी रिट चालणार नाही, असं सार्वजनिक धोरण म्हणून ठरवलं. न्यायाधीश निवडत फिरण्याची सवय मोडणं हा हेतू होता.

पण याच निकालातली दुसरी बाजू फारशी सांगितली जात नाही. कोर्टाने हेही म्हटलं की मुभा घेतली नाही तरी दिवाणी दावा किंवा कलम ३२ यांसारखे इतर मार्ग आपोआप बंद होत नाहीत. बंद होते ती तीच रिट पुन्हा घालण्याची वाट. आणि माणसाच्या स्वातंत्र्याशी संबंधित हेबियस कॉर्पससारख्या याचिकांना हा नियम लावायचा नाही. म्हणजे एखाद्याच्या वकिलाकडून मुभा मागायची राहिली असेल तर लगेच सगळं संपलं असं समजून घरी बसू नका. पर्यायी मार्ग हा खरोखरच वेगळा मार्ग असेल तर तो बहुधा शिल्लक असतो.

सर्वोच्च न्यायालयातल्या विशेष अनुमती याचिकेलाही हेच तत्त्व लागू केलेलं आहे, आधी उपाध्याय अँड कंपनीच्या निकालात आणि अलीकडे सप्टेंबर २०२५ मध्ये सतीश व्ही. के. विरुद्ध फेडरल बँक या प्रकरणात. मुभा न घेता मागे घेतली, तर त्याच आदेशाविरुद्ध दुसरी विशेष अनुमती याचिका नाही.

मुभा मिळाली म्हणून नसलेला उपाय मात्र जन्माला येत नाही. आदेशात "कायद्यानुसार" असा शब्द असतो. अपीलच नसलेल्या ठिकाणी अपील करायला कोर्टाची मुभा उपयोगी पडत नाही. म्हणून वकिलाने कोर्टात "दुसरा उपाय करू" असं मोघम न म्हणता कोणत्या कलमाखाली, कोणापुढे, हे नाव घेऊन सांगितलं आणि ते आदेशात उतरवून घेतलं तर बरं.

मुदत कुठे जाते?

सगळ्यात जास्त लोक इथे अडकतात. उदाहरण घेऊ. समजा मराठवाड्यातल्या एका दर्ग्याच्या मुतवल्लीला वक्फ मंडळाने पदावरून दूर केलं. वक्फ कायदा १९९५ च्या कलम ६४ खाली त्या आदेशाविरुद्ध बऱ्याच कारणांबाबत वक्फ न्यायाधिकरणात अपील करता येतं आणि त्यासाठी आदेश हातात पडल्यापासून एक महिना असतो. मुतवल्लीसाहेब गावातल्या चार लोकांना घेऊन थेट हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठात जातात. याचिका दाखल, त्रुटी दुरुस्त, पहिली तारीख, दुसरी तारीख. तीन-चार महिन्यांनी न्यायमूर्ती म्हणतात, न्यायाधिकरण याच शहरात आहे, तिकडे का गेला नाहीत? याचिका मागे. आता महिना तर कधीच उलटून गेला.

इथे मुदत कायदा १९६३ चं कलम १४ कामाला येतं. चुकीच्या न्यायालयात सद्भावनेने आणि काळजीपूर्वक लढण्यात गेलेला वेळ मुदतीतून वजा करता येतो, अट अशी की ते न्यायालय अधिकारक्षेत्राच्या किंवा तशाच कारणामुळे प्रकरण ऐकू शकलं नाही. दावा मुभेसह मागे घेतला असेल आणि ती मुभा अशा कारणावर दिली असेल तरीही हे कलम लागू होतं. एम. पी. स्टील कॉर्पोरेशनच्या २०१५ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की न्यायाधिकरणापुढे हे कलम जसंच्या तसं लागू नसलं तरी त्यामागचं तत्त्व लागू होऊ शकतं.

पण कलम १४ म्हणजे माफीनामा नव्हे. "सद्भावनेने" आणि "काळजीपूर्वक" हे दोन शब्द सिद्ध करावे लागतात. पहिल्याच तारखेला समोरच्या वकिलाने पर्यायी उपायाचा आक्षेप घेतला आणि तरी तुम्ही वर्षभर तिथेच बसलात, तर ते वर्ष वजा होईलच असं धरून चालू नका. मागे घेतल्यानंतरचे दिवसही मोजले जातात. बुधवारी याचिका मागे घेतली आणि अपील पुढच्या महिन्यात "ईद झाल्यावर" दाखल केलं, तर मधल्या दिवसांचा हिशोब द्यावा लागतो. म्हणून शक्य असेल तर हायकोर्टाच्या आदेशातच लिहून घ्यावं की याचिका कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत इथे प्रलंबित होती आणि हा काळ न्यायाधिकरणाने विचारात घ्यावा.

वक्फच्या बाबतीत आणखी एक. कलम ८३ खाली न्यायाधिकरण आहे आणि कलम ८५ खाली त्याच्या कक्षेतल्या वादांना दिवाणी कोर्ट बंद आहे. पूर्वी न्यायाधिकरणाचा निर्णय अंतिम मानला जायचा आणि हायकोर्टात फक्त फेरतपासणी होती. ८ एप्रिल २०२५ पासून लागू झालेल्या दुरुस्तीने आता ९० दिवसांत हायकोर्टात अपील करता येतं. दुरुस्ती कायद्याच्या वैधतेचा वाद सर्वोच्च न्यायालयात आहे आणि १५ सप्टेंबर २०२५ रोजी काही तरतुदींना अंतरिम स्थगितीही मिळाली आहे. त्यामुळे जुना सल्ला देणाऱ्या वकिलाला "दुरुस्तीनंतर काय?" असं एकदा विचारलेलं बरं.

बँकेच्या जप्तीतही हीच गत. सरफेसी कायद्याखाली घराचा ताबा घेण्याची कारवाई झाली की कलम १७ खाली कर्जवसुली न्यायाधिकरणात ४५ दिवसांत अर्ज करायचा असतो. मुंबई, पुणे, नागपुरात ही न्यायाधिकरणं आहेत. सत्यवती टंडन प्रकरणात २०१० मध्येच सर्वोच्च न्यायालयाने हायकोर्टांना अशा रिट घेण्याबद्दल खडसावलं होतं. तरी लोक हायकोर्टात धावतात, कारण तिथे स्थगिती लवकर मिळेल असं कुणीतरी सांगितलेलं असतं.

स्थगितीचं काय?

याचिका मागे घेतली की तिच्यातला स्टेही तिच्याबरोबर जातो. घर पाडायला निघालेल्या पथकाला रोखून धरणारा कागद त्या क्षणी संपतो. म्हणून माघार घेताना "दोन-चार आठवडे संरक्षण चालू ठेवावं, तोवर आम्ही योग्य ठिकाणी अर्ज करू" अशी विनंती करायची असते, आणि कोर्टं ती बरेचदा मान्य करतात. हा हक्क नाही, हे लक्षात ठेवा. ओरिसा राज्य विरुद्ध मदन गोपाल रुंगटा या जुन्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं आहे की पुढे दावा होणार आहे म्हणून केवळ तेवढ्यापुरता अंतरिम आदेश देण्यासाठी कलम २२६ वापरता येत नाही. समोरच्या वकिलाला हा निकाल माहीत असतो.

पाडकामाच्या बाबतीत १३ नोव्हेंबर २०२४ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल हाताशी ठेवावा. नोटीस देऊन १५ दिवस, आणि पाडण्याचा आदेश झाल्यावर अपिलासाठी किंवा स्वतः बांधकाम काढण्यासाठी आणखी १५ दिवस, असं त्यात आहे. रस्ता, फुटपाथ, रेल्वेमार्ग, नदीपात्र यांवरचं बांधकाम किंवा कोर्टाचाच आदेश असेल तर हे संरक्षण नाही.

फौजदारी प्रकरणात

गुन्हा रद्द करण्याची याचिका हायकोर्टात असते आणि तोवर दोषारोपपत्र येतं. मग वकील म्हणतात, ही मागे घेऊ आणि खाली डिस्चार्जचा अर्ज करू. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत १ जुलै २०२४ पासून डिस्चार्जच्या अर्जाला ६० दिवसांची मुदत आली आहे. सत्र न्यायालयाच्या खटल्यात ती खटला तिकडे सुपूर्द झाल्यापासून मोजतात. जुन्या सवयीने "आरोप निश्चितीच्या वेळी बघू" म्हणणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यावं.

पुन्हा उमर खालिद यांच्या प्रकरणाकडे येऊ. माघार घेतल्यावर ते खालच्या कोर्टात गेले. २८ मे २०२४ रोजी कडकडडूमा कोर्टाने अर्ज फेटाळला. मार्च २०२२ मध्ये याच कोर्टाने जामीन नाकारला होता, ऑक्टोबर २०२२ मध्ये दिल्ली हायकोर्टाने अपील फेटाळलं, आणि सर्वोच्च न्यायालयातली याचिका अर्जदाराने स्वतः मागे घेतली. त्यामुळे पहिल्या आदेशाला अंतिम स्वरूप आलं आहे आणि पुराव्याची पुन्हा छाननी करता येणार नाही, असं कोर्टाने म्हटलं. म्हणजे जी माघार नवा दरवाजा उघडण्यासाठी घेतली होती, तीच जुना निकाल पक्का करण्यासाठी वापरली गेली. पुढे २ सप्टेंबर २०२५ रोजी हायकोर्टाने आणि ५ जानेवारी २०२६ रोजी सर्वोच्च न्यायालयानेही जामीन नाकारला. त्याच दिवशी इतर पाच आरोपींना मात्र जामीन मिळाला. माघार न घेता २०२४ मध्ये निकाल लागला असता तर काय झालं असतं, याचं उत्तर कुणाकडे नाही. पण "बदललेली परिस्थिती" नेमकी कोणती, हे खालच्या कोर्टाला ठोसपणे दाखवता आलं पाहिजे, एवढं यातून कळतं.

हेमंत सोरेन यांचं प्रकरण वेगळ्या अर्थाने शिकवतं. मे २०२४ मध्ये अटकेविरुद्धची त्यांची याचिका सर्वोच्च न्यायालयात होती. त्याच वेळी विशेष न्यायालयात जामीन अर्जही केलेला होता, आणि हे याचिकेत सांगितलेलं नव्हतं. खंडपीठाने त्यावर नाराजी व्यक्त केली आणि २२ मे रोजी याचिका मागे घ्यावी लागली. पुढे २८ जूनला झारखंड हायकोर्टातून जामीन मिळाला, ही गोष्ट वेगळी. दोन कोर्टांत एकाच वेळी दोन अर्ज ठेवून "जिथे लागेल तिथे लागेल" म्हणणं महागात पडतं. जामीन अर्जात आधीच्या सगळ्या अर्जांची माहिती द्यावी, असं सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२४ मध्ये कुशा दुरुका प्रकरणात सांगितलंच आहे.

घरगुती वादात घाई नको

आपल्या बहिणींच्या बाबतीत हे विशेष लिहावंसं वाटतं. पोटगीची केस चालू आहे, आणि सासरकडून निरोप येतो, "केस मागे घे, मग खुला किंवा मुबारत करू, सामान आणि मेहर देऊ." दोन्हीकडची वडीलधारी मंडळी बसतात, केस मागे घेतली जाते, आणि मग फोन उचलले जात नाहीत. समझोता करायला हरकत नाही, पण आधी अटी लेखी करून कोर्टापुढे दाखल करा, रक्कम आणि तारीख लिहा, आणि अटी पाळल्या नाहीत तर पुन्हा अर्ज करण्याची मुभा आदेशात घ्या.

अनेकदा तर मागे घेण्याची गरजच नसते. घटस्फोटित मुस्लिम महिलेला १९८६ चा कायदा आणि पोटगीचं कलम १२५ (आता नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १४४) या दोन्हींचा आधार आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने १० जुलै २०२४ रोजी मोहम्मद अब्दुल समद प्रकरणात स्पष्ट केलं. कौटुंबिक हिंसाचार कायद्याखालचा अर्जही सोबत चालू शकतो. फक्त २०२० च्या रजनीश विरुद्ध नेहा या निकालाप्रमाणे आधीच्या कारवाईची माहिती द्यावी लागते, आणि एकीकडे मिळालेली रक्कम दुसरीकडे धरली जाते.

जमातीची केस असेल तर

मशीद, कब्रस्तान, मदरसा यांच्या वादात बहुतेकदा दावा सगळ्या जमातीच्या वतीने असतो. असा प्रातिनिधिक दावा दोन ट्रस्टींनी आपसात ठरवून सोडून देता येत नाही. त्यासाठी हितसंबंधी लोकांना नोटीस द्यावी लागते. अनेक वादी असतील तर एकाला बाकीच्यांच्या संमतीशिवाय दावा मागे घेता येत नाही. आणि जनहित याचिका तर दाखल करणाऱ्याच्या खिशातली वस्तूच नव्हे. मुंबईच्या पत्रकार शीला बारसे यांनी तुरुंगातल्या मुलांसाठी केलेली याचिका त्रासून मागे घ्यायची म्हटली, तेव्हा १९८८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती मागे घेऊ दिली नाही. त्यांचं नाव काढलं आणि याचिका चालू ठेवली.

वकिलाकडून काय मागायचं?

माघार घेण्याआधी वकिलाला लेखी संमती द्या आणि तिची एक प्रत स्वतःकडे ठेवा. व्हॉट्सअॅपवर "मागे घ्या साहेब" एवढं लिहिलं तरी त्यात कोणत्या मार्गासाठी हे लिहायला विसरू नका. आदेश झाल्याच्या दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी तो कोर्टाच्या वेबसाइटवर वाचा. मुभेची ओळ नसेल, किंवा "सर्व मुद्दे खुले" असं कोर्टात म्हटलं गेलं पण आदेशात उतरलं नसेल, तर लगेच दुरुस्तीसाठी अर्ज करता येतो. सहा महिन्यांनी केलेल्या अशा अर्जाकडे कोर्ट संशयाने बघतं.

प्रमाणित प्रत त्याच दिवशी मागून ठेवा, आणि मूळ याचिकेतली कागदपत्रं परत मिळतात का ते विचारा. दाव्यात सरकार समोर असेल तर दिवाणी संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस लागते. ती हायकोर्टातली याचिका चालू असतानाच पाठवून ठेवली तर माघारीनंतर दोन महिने नुसतं बसावं लागत नाही. नोटीस न देता तातडीने दावा करायचा असेल तर त्याच कलमाखाली कोर्टाची परवानगी मागता येते. नव्या अर्जात आधीची याचिका, तिचा क्रमांक, मागे घेतल्याची तारीख आणि आदेशाची प्रत पहिल्याच पानांवर लावा.